मोंघीबेननं माठाला सांगितलं

एकतीस वर्षं मी प्रांत कचेरीच्या दाराशी स्टुलावर बसलो. नाव सवजी, काम पट्टेवाला. आतून घंटी वाजली की उठायचं, नावाचा पुकारा करायचा, एकाला आत सोडायचं, दुसऱ्याला अडवायचं, मधल्या वेळात चहा आणायचा. रिटायर होऊन सहा वर्षं झाली, तरी अजून कुणी विचारलं की "सवजीकाका, कचेरीत गरिबाचं म्हणणं ऐकून घेतात का हो?" तर मी आधी बाजूला थुंकतो आणि मग बोलतो. बायको म्हणते, ही घाणेरडी सवय आहे तुमची. असेल. पण ते सगळं आठवलं की तोंड कडू होतंच, आणि गिळायचं तरी किती वेळा?

मोंघीबेनचं सांगतो.

मोंघी आमच्या धोळीवावची. माझ्या घरापासून चौथं दार. माझ्याहून चौदा वर्षांनी लहान. शेळ्यांमागे अनवाणी धावणारी पोर म्हणून मी तिला ओळखायचो. लग्न होऊन ती खारागोरजला गेली, रणाच्या, म्हणजे खाऱ्या ओसाड वाळवंटाच्या काठी. तिथली सगळी घरं मीठ पिकवणारी. नवरात्र उठलं की अख्खं बिऱ्हाड ट्रॅक्टरवर टाकून रणात जायचं, विहीर खणायची, खारं पाणी उपसून पाट्यात सोडायचं. पाटा म्हणजे मिठाचं शेत म्हणा. ते रोज दाताळ्यानं ओढावं लागतं, नाहीतर खडे एकमेकांना धरून बसतात आणि सगळ्या हंगामाची माती होते. आठ महिने रण आणि चार महिने घर, असा तो संसार.

तिचा नवरा वशराम काविळीनं गेला. मुलगी आदल्याच वर्षी लग्न होऊन सासरी गेलेली. राहिल्या दोघी, मोंघी आणि तिची सासू रुडीमा. लोक म्हणाले, आता पाटा सुटला. कसला सुटतोय! मोंघीनं सासूला घेतलं आणि सुतकाचे दिवस संपताच रणात परत गेली. इंजिन ती चालू करायची, दाताळं ती ओढायची, आणि रुडीमा झोपडीत रोटले थापायची आणि वाऱ्याला शिव्या घालायची. असे दोन हंगाम त्यांनी काढले.

मला ती भाई म्हणायची. माहेरचा माणूस ना मी! तालुक्याला आली की कचेरीच्या आवारात डोकवायची, घुंगट नाही की काही नाही, उघड्या तोंडानं, मोठ्या आवाजात. "काय भाई, अजून स्टुलावरच? खुर्ची कधी देणार सरकार तुम्हाला?" अशी बोलायची. सगळी कचेरी माना वळवून बघायची. मला बरं वाटायचं, खोटं कशाला बोलू?

पण हीच मोंघी सासरच्या मोठ्या माणसासमोर मुकी. आमच्याकडे सून सासऱ्यापुढे, थोरल्या दिरापुढे हनुवटीपर्यंत घुंगट ओढते आणि तोंडातून शब्द काढत नाही. त्यांचं नावही घेत नाही. काही सांगायचंच असलं तर सासूच्या कानात सांगते, सासू ते मोठ्यानं सांगते. सासू जवळ नसेल तर म्हशीला सांगते, भिंतीला सांगते, चुलीला सांगते. ज्याला ऐकायचं तो ऐकतो. माझ्या बायकोनं माझ्या बापाशी एकोणीस वर्षं असाच व्यवहार केला. "ए म्हशी, घरातलं पीठ संपलंय गं." की बाप ओट्यावरून उठायचा, खाकरायचा आणि पिशवी घेऊन गिरणीवर जायचा. त्यात कुणाला काही नवल वाटायचं नाही, म्हशीलासुद्धा नाही.

तर झालं असं, की सरकारनं रणातल्या पाट्यांची नवी यादी करायला काढली. कुठला पाटा कोण चालवतं ते बघायचं आणि त्याच्या नावाचं कार्ड करायचं. यादीत नाव असेल त्यानंच पुढच्या हंगामाला रणात उतरायचं, नसेल त्यानं घरी बसायचं. वशरामच्या पाट्यावर मोंघीचं नाव लागायला काहीच हरकत नव्हती. तेवढ्यात थोरला दीर उपटला.

गगजी त्याचं नाव. वशरामचा सख्खा भाऊ, रुडीमाचाच मुलगा. रण सोडून त्याला पंधरा वर्षं झालेली. गावात दोन ट्रॅक्टर, पायात पांढरे बूट, खिशात दोन पेनं, त्यातलं एक बंद. त्यानं अर्ज दिला की भाऊ वारला, मागे बाईमाणूस आहे, पाटा चालवणं बाईच्या आवाक्यातलं नाही, घरचा कर्ता मी, सबब पाटा माझ्या नावे करावा. हे सबब वगैरे आमच्या हेडक्लार्क रसिकभाईनं लिहून दिलेलं. तोंडात कायम मावा आणि खिडकीबाहेर कायम पिंक, असा तो रसिकभाई. त्या खिडकीखालची भिंत आठवली तरी मला मळमळतं.

आता कायदा असा की दोन्ही बाजूंचं ऐकल्याशिवाय साहेबाला हुकूम काढता येत नाही. तेव्हाचे साहेब नवीन, मोठ्या शहरातून आलेले, गोरेगोमटे, सभ्य. कुणाला अरे-तुरे नाही. चहासुद्धा स्वतःच्या पैशाचा. त्यांनी फाईल बघून सांगितलं, "बाईंना नोटीस काढा. ऐकून घेतल्याशिवाय मी सही करणार नाही."

नोटीस घेऊन जायचं काम माझं. मी म्हटलं, "रसिकभाई, ही मार्गशीर्षात घरी कशी सापडणार? सगळं गाव रणात आहे. रणात जाऊन देतो."

"रणात जायला जीप तुझा बाप देणार आहे का?" रसिकभाई म्हणाला. "घराला दार आहे ना? दाराला डकव. दोन पंच घे, सही घे, ये परत."

"पण वाचणार कोण ते?"

"वाचणं आपलं काम आहे का सवजी? डकवणं आपलं काम."

गेलो. खारागोरजला कुत्रंसुद्धा नव्हतं. दाराला कुलूप, कुलपावर कोळ्याचं जाळं. त्या जाळ्यावरच मी खळ लावून नोटीस चिकटवली. पंच म्हणून गगजीचाच ट्रॅक्टर हाकणारे दोघं मिळाले. परत येऊन कागद दिला, रसिकभाईनं त्यावर "नोटीस बजावली" असा शिक्का मारला.

मला काही राहवेना. रणात पिण्याचं पाणी टँकरनं जातं, दर पंधरा-वीस दिवसांनी. टँकरवाला माझ्या ओळखीचा. त्याला गाठलं आणि सांगितलं, "मोंघीला निरोप दे, अमक्या दिवशी अकरा वाजता कचेरीत ये, नाहीतर पाटा गेला." एवढं एक चांगलं काम मी केलं. पुढं मी जे केलं त्यात ते बुडालं, पण केलं होतं खरं.

त्या दिवशी दोघी आल्या. पहाटे टँकरवर बसून निघालेल्या, अंगावर, केसात, भुवयांत सगळीकडं मिठाची पांढरी धूळ. पाटा शेजारच्या बिऱ्हाडावर सोपवून आल्या होत्या. रुडीमाला दम्याची धाप. आवारातल्या कडुलिंबाखाली बसल्या, फडकं सोडलं, बाजरीचा रोटला आणि लसणाची चटणी काढली. मला हाक मारली. "भाई, या. चटणी झणझणीत आहे, तुमच्या साहेबाच्या डोळ्यात घाला म्हणजे नीट दिसेल."

"हळू बोल गं," मी म्हटलं.

"आज तर मोठ्यानंच बोलायचंय," ती म्हणाली. "मी सांगणार आणि म्हातारी बोलणार. सगळं ठरवून आलोय. टँकरवर तीन वेळा म्हणून घेतलं मी तिच्याकडून."

रुडीमानं मान डोलावली. "माझ्याच पोटचा आहे तो गगजी," ती म्हणाली. "त्याच्या तोंडावर सांगते बघ, रणात कोण झिजलं ते."

साहेब दीड वाजता आले. तोवर गगजीनं मला चहाच्या टपरीवर नेलं होतं. चहा पाजला, गाठिया खाऊ घातले. म्हणाला, "सवजीकाका, म्हातारीला आत नका घेऊ हं. तिला दम लागतो. आत काही झालं तर कचेरीवर यायचं." मी मान हलवली. त्याच्या मनात काय होतं ते मला कळलं नाही असं नाही. कळलं. पण गाठिया तोंडात होते.

घंटी वाजली. मी पुकारा केला. गगजी आत गेला आणि साहेबासमोरच्या खुर्चीवर बसला. मोंघी उठली, दारापर्यंत आली, आत दीर दिसताच तिनं घुंगट ओढला. मागून रुडीमा आली. मी आडवा हात केला.

"रुडीमा, तुम्ही बाहेर."

"का रे बाबा?"

"नोटिशीत तुमचं नाव नाही. आत फक्त दोन पार्ट्या."

म्हातारीनं माझा हात धरला. "अरे सवजी, तू आमच्यातलाच ना? मी तिचं तोंड आहे. मला आत सोड."

तेवढ्यात आतून रसिकभाई ओरडला, "सवजी, दार लाव!" आणि मी दार लावलं. म्हातारीला बाहेर ठेवून, स्वतः आत राहून, माझ्या हातानं.

साहेब फार सभ्यपणे म्हणाले, "बसा बेन. घाबरू नका. तुमचं ऐकून घ्यायलाच बोलावलंय. सांगा, पाटा कोण चालवतं?"

मोंघी उभीच.

"बोला बेन."

तिनं जिभेनं च्च केलं. दाराकडं हात केला. पुन्हा च्च केलं. आमच्या कुठल्याही घरातलं पाच वर्षांचं पोर सांगेल, की ही सासूला बोलवा म्हणतेय. साहेबांना कळलं नाही. त्यांनी रसिकभाईकडं बघितलं, रसिकभाईनं खांदे उडवले.

"बाईमाणूस आहे साहेब," गगजी म्हणाला. "ती काय बोलणार? घरातलं मी बघतो."

मी दाराशी उभा. एवढंच म्हणायचं होतं मला, की साहेब, तो थोरला दीर आहे, त्याला दोन मिनिटं बाहेर घाला, नाहीतर म्हातारीला आत घ्या. एक वाक्य. ते घशापर्यंत आलं. पण साहेबासमोर न विचारता पट्टेवाल्यानं तोंड उघडायचं नसतं, आणि नोकरीची सात वर्षं बाकी होती. मोंघीनं दिरासमोर घुंगट ओढला तसा मी साहेबासमोर चोवीस वर्षं ओढलेला. तिचा दिसत होता तरी, माझा कुणाला दिसतही नव्हता.

मग मोंघी वळली. कोपऱ्यात तिवईवर कचेरीचा पाण्याचा माठ होता. ती माठाकडं तोंड करून उभी राहिली आणि बोलायला लागली.

"माठा, ऐक रे बाबा. मी धोळीवावची मोंघी. ह्यांच्या घरात आले त्याला बावीस वर्षं झाली, आणि बावीसही वर्षं मी त्या पाट्यात उभी आहे. विहीर ढासळली तेव्हा आत मी होते. हे खाटेवर पडले तेव्हा दाताळं माझ्या हातात होतं. हे गेले, दिवस संपले आणि मी परत पाट्यात उतरले, कारण मीठ काही सुतक पाळत नाही. आता इंजिन मी लावते. पट्टा तुटला तर मीच बसवते. माठा, थोरल्या घरचे दोन वर्षांत एकदाच आले रणात, फाल्गुनात, पाहुण्यांना रानगाढवं दाखवायला. पाट्याकडं वळूनसुद्धा पाहिलं नाही. त्यांना एवढंच विचार माठा, आमच्या पाट्याची विहीर कुठल्या अंगाला आहे? त्यांनी बरोबर सांगितलं तर मी आत्ता अंगठा देते आणि घरी जाते."

मी गगजीकडं बघितलं. तो खिडकीतून बाहेर बघायला लागला. ठाऊकच नव्हतं त्याला. त्याच्या बापाच्या वेळची विहीर पश्चिमेला होती, ती आटून दहा वर्षं झाली. साहेबांनी तेवढा एक प्रश्न त्याला विचारला असता तर पाच मिनिटांत निकाल लागला असता.

साहेबांनी विचारलं ते रसिकभाईला. "या कुणाशी बोलतायत?"

"माठाशी, साहेब." रसिकभाईला हसू आवरेना, मावा तोंडात असल्यानं त्यानं ते नाकातून काढलं.

साहेब मात्र हसले नाहीत. त्यांना खरंच वाईट वाटलं. म्हणाले, "उन्हातून आल्यात बिचाऱ्या. पाणी द्या त्यांना."

आणि मी त्याच माठातून ग्लासभर पाणी काढलं आणि तिच्या हातात दिलं. तिनं ग्लास धरला. घुंगटाच्या आतून तिचे डोळे मला दिसत होते. भाई आता काहीतरी बोलेल म्हणून ती थांबली होती. मी रिकामा हात घेऊन दाराशी जाऊन उभा राहिलो. तिनं पाणी न पिता ग्लास तिवईवर ठेवला.

साहेबांनी रसिकभाईला लिहून घ्यायला सांगितलं. बाईंना म्हणणे मांडण्याची पुरेशी संधी देण्यात आली. विचारलेल्या प्रश्नांस त्यांनी उत्तर दिले नाही. त्या कोपऱ्यातील माठाशी बोलत राहिल्या, त्यांची मनःस्थिती ठीक दिसत नाही. तरी पाटा गगजी यांच्या नावे करण्यात यावा व त्यांनी बाईंच्या पोटापाण्याकडे लक्ष द्यावे. शेवटचं वाक्य साहेबांनी मुद्दाम घालायला लावलं, दयेपोटी. लाच खाऊन लिहिलं असतं तर मला इतकी किळस आली नसती. लाच खाणाऱ्याला निदान आपण काय करतोय ते ठाऊक असतं.

मोंघीला ते वाचून दाखवलं नाही. अंगठा मात्र घेतला, हजर होती म्हणून. शाईची डबी मीच धरली.

ती बाहेर आली, दीर लांब गेल्यावर घुंगट वर केला आणि मला विचारलं, "भाई, साहेबांनी ऐकलं ना?"

मी म्हटलं, "ऐकलं." दुसरं काय सांगणार होतो?

हुकूम तिला महिन्यानं कळला. यादी लागली, पाट्यावर गगजीचं नाव. तालुक्यात एक तरुण वकील होता, त्यानं नक्कल काढली आणि तिला वाचून दाखवली. माठाशी बोलते, मनःस्थिती ठीक नाही, हे ऐकून ती हसली म्हणे. खूप हसली. मग वकिलाला म्हणाली, "वर आणखी मोठा साहेब असेल ना?"

वर अपील झालं, जिल्ह्याला. मला तिथं बोलावणं आलं, कारण त्या दिवशीच्या कागदावर हजर म्हणून माझी सही होती. सकाळी मोंघी भेटली, जिल्हा कचेरीबाहेरच्या झाडाखाली. एकटीच होती. रुडीमा त्या थंडीत गेली होती, रणातच. शेवटपर्यंत विचारत होती म्हणे, मला दारात का अडवलं. मोंघीनं मला हे सांगितलं नाही, टँकरवाल्यानं सांगितलं. मोंघी मला एवढंच म्हणाली, "भाई, आज मी घुंगट टाकणार."

"म्हणजे?"

"म्हणजे टाकणार. दिराच्या समोर. तोंड उघडं करून बोलणार, नाव घेऊन बोलणार. म्हातारीनं जाताना सांगितलंय, पाटा सोडू नको, घराची रीत मोड पण पाटा सोडू नको." आपल्याला वाटेल यात काय एवढं. पण आमच्यात अशी बाई परत कुणाच्या पंगतीत बसत नाही. गावात तिच्याशी कुणी व्यवहार करत नाही. मोंघी ते सगळं द्यायला निघाली होती, त्या एका पाट्यासाठी. "रात्रभर पाठ केलंय," ती म्हणाली. "गगजीभाई, सांगा, विहीर कुठल्या अंगाला आहे? बघा, जमलं की नाही नाव घ्यायला?"

तिच्या तोंडून ते नाव ऐकून माझ्याच अंगावर काटा आला.

वरचा साहेब म्हातारा, घाईतला. टेबलावर फायलींचा डोंगर. तरुण वकील पाच मिनिटं बोलला, कलमं सांगितली. साहेबांनी हात वर केला. "खाली सुनावणी झालीय ना? बाई हजर होती ना? अंगठा आहे ना? मग ऐकून घेतलं नाही असं कसं म्हणता?"

"साहेब, तिला बोलताच आलं नाही—"

"बोलली नाही की बोलता आलं नाही? तो पट्टेवाला कुठंय?"

मी पुढं झालो.

"त्या दिवशी तुम्ही खोलीत होता?"

"होतो साहेब."

"बाई माठाशी बोलत होती, हे खरं आहे?"

"खरं आहे साहेब, पण आमच्यात—"

"विचारलं तेवढंच सांगा. हो की नाही?"

"हो साहेब."

"बस. जा."

मी वाक्य पुरं करायला तोंड उघडलं, तोवर साहेब खाली मान घालून लिहायला लागले होते. अपील फेटाळलं. मोंघी सबंध वेळ भिंतीशी उभी होती, घुंगटाचं टोक मुठीत धरून. वर उचलायला तयार. गगजी तिच्यापासून चार हातांवर होता. तिला कुणी विचारलंच नाही. "बाई, तुम्हाला काही सांगायचंय?" एवढं एक वाक्य त्या अख्ख्या जिल्हा कचेरीत कुणाच्या तोंडात नव्हतं. दुसऱ्या नावाचा पुकारा झाला, वकिलानं तिच्या खांद्याला हात लावला, आणि ती मूठ तशीच आवळून बाहेर गेली. माझ्याकडं तिनं बघितलं नाही.

त्यानंतर सात वर्षं ती कचेरीच्या आवारात आली नाही. मी स्टुलावर बसून फाटकाकडं बघायचो. चहा बेचव लागायचा. प्रत्येक हुकुमात तीच ओळ टाईप होऊन यायची, पुरेशी संधी देण्यात आली, आणि मी ती फाईल बगलेत मारून या टेबलावरून त्या टेबलावर न्यायचो. नोकरी पूर्ण केली. निरोपाला शाल दिली, नारळ दिला. रसिकभाईनं भाषण केलं की सवजीनं कधी उलट शब्द काढला नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. ती शाल मी घरी येऊन म्हशीच्या अंगावर टाकली.

रिटायर झाल्यावर पहिल्याच हिवाळ्यात टँकरवर बसलो आणि रणात गेलो. रणात कुणी यायला लागलं की आधीच कळतं. झोपडीतली माणसं आरशाचा तुकडा उन्हात धरतात, चमक दाखवून पुढच्या झोपडीला सांगतात. आमच्या टँकरच्या पुढं पुढं तशा चमका जात होत्या. मी मनात म्हटलं, तिला कळलं असेल मी येतोय.

मोंघी दुसऱ्याच्या पाट्यावर मजुरीला होती. तिचा स्वतःचा पाटा तिथून दिसत होता. गगजीनं तो दोन हंगामांत ओसाड पाडला. पावसाळ्यात बुजलेली विहीर सापडली नाही म्हणून नवी खणली, ती चुकीच्या जागी. आता तिथं नुसती भेगाळलेली माती होती.

ती झोपडीच्या दारात उभी होती. केस पांढरे झालेले. मी हाक मारली, "मोंघी!"

तिनं घुंगट ओढला. हनुवटीपर्यंत. माहेरच्या भाईसमोर, आयुष्यात पहिल्यांदा. मी तिथंच खाली बसलो.

तिच्या झोपडीच्या दाराशी माठ होता. तिनं ग्लासभर पाणी काढून माझ्यापुढं ठेवलं, मागं सरकली आणि माठाकडं तोंड करून बोलली.

"माठा, पाहुणे लांबून आलेत, त्यांना म्हणावं पाणी प्या. आणि एवढं एक विचार. त्या दिवशी म्हातारीला दारात का अडवलं?"

मला तिच्याकडं बघवेना. मीही माठाकडंच बघितलं आणि माठालाच सांगितलं. गगजीचा चहा सांगितला, गाठिया सांगितले, घशात अडकलेलं वाक्य सांगितलं, जिल्ह्याला अर्धं राहिलेलं वाक्यही सांगितलं, अख्खं. रडलो पण. कुणी मध्ये थांबवलं नाही.

ती शेवटपर्यंत ऐकत उभी राहिली. मग कुडाला टेकवलेलं दाताळं उचललं.

"ऐकलंस ना माठा?" ती म्हणाली. "कचेरीला आता वाचा फुटलीय."

आणि ती पाट्यात उतरली.